तीन कपाटांतल्या तीन सावित्री

आदरणीय ग्रंथपाल बाई,
सादर नमस्कार.

गेल्या डिसेंबरात ३ जानेवारीच्या भाषणाच्या तयारीसाठी मी देवघेवीच्या खिडकीशी आले आणि घाईघाईत ‘सावित्रीचे पुस्तक हवे आहे’ एवढेच म्हणाले. त्यावर आपण तीन निरनिराळ्या कपाटांतून तीन पुस्तके काढून माझ्यासमोर ठेवलीत, त्याबद्दल आज मनःपूर्वक आभार मानते.

मा. गो. माळी यांनी संपादित केलेले ‘सावित्रीबाई फुले समग्र वाङ्मय’ मला हवेच होते. त्याशेजारी पु. शि. रेगे यांची १९६२ सालची छोटेखानी ‘सावित्री’ होती, आणि तिसरे, महाभारताच्या वनपर्वातील सावित्रीच्या आख्यानावर श्रीअरविंदांनी रचलेले सुमारे चोवीस हजार ओळींचे इंग्रजी महाकाव्य, ‘सावित्री’. चरित्र-वाङ्मय, कादंबरी आणि इंग्रजी विभाग अशी विषयवार मांडणी असताना ही पुस्तके एका फळीवर कधीच आली नसती. ती आपल्या स्मरणामुळे एकत्र आली.

एका वेळी एकच पुस्तक हा नियम आपण मोडला नाहीत. उरलेल्या दोहोंत माझा सभासद क्रमांक पेन्सिलीने लिहिलेली चिठ्ठी घालून ती राखून ठेवलीत, आणि ‘समग्र वाङ्मय आणि रेगे, दोन्हींतली पत्रे लागोपाठ वाचा’ असे सुचवलेत. त्या एका वाक्याने माझे भाषण बदलले. रेग्यांची कादंबरी म्हणजे सावित्रीने लिहिलेली एकोणचाळीस पत्रे. ज्याला ती लिहिते त्याचे उत्तर आपल्याला कुठेच वाचायला मिळत नाही. ती वाचून मी सावित्रीबाईंच्या जोतिरावांना लिहिलेल्या पत्रांकडे वळले, तेव्हा प्रथमच ती दस्तऐवज म्हणून न वाचता पत्रे म्हणून वाचली. २० एप्रिल १८७७ रोजी, दुष्काळात, ओतूरहून लिहिलेल्या पत्रात त्या पकडल्या गेलेल्या सत्यशोधक कार्यकर्त्यांसाठी कलेक्टरशी आपण काय बोललो ते नवऱ्याला कळवतात. विरहाची तक्रार नाही, कामाचा वृत्तान्त आहे; आणि तरीही ते किती आपुलकीचे पत्र आहे! यमाशी बोलणारी सावित्री मला लहानपणापासून ठाऊक होती. कलेक्टरशी बोलणारी आपल्यामुळे भेटली, आणि भाषणात मी तेच पत्र वाचून दाखवले.

अरविंदांचे पुस्तक अद्याप माझ्याकडे आहे. ते फार सावकाश वाचावे लागते, तेव्हा कोणा सभासदाची मागणी नसल्यास मुदत वाढवून द्यावी, ही विनंती.

आपली कृतज्ञ,
एक सभासद