जपानी-बांगलादेशी चहासाठी बरबटी, सोयाबीन आणि संत्र्याची साल

संपादक महोदय,

स.न.वि.वि.

परदेशी पदार्थाची कृती पुरवणीत छापून येते तेव्हा निम्म्या जिनसांपुढे ‘ऑनलाइन मागवा’ असा शेरा असतो. तालुक्याच्या गावी राहणारा वाचक तिथेच पान उलटतो. अशा कृतींसोबत आपल्या भागात काय चालेल, काय चालणार नाही आणि का, हेही छापावं अशी आमची विनंती आहे. जपानी आणि बांगलादेशी खाणं एकत्र मांडून चार वाजताचा चहा करायचा म्हटला, तर पूर्व विदर्भातल्या घरात बहुतेक सामान आधीच असतं. तांदूळ, बरबटी, सोयाबीन, तीळ, मुरमुरे आणि हंगामात संत्री. शिवाय चामोर्शी, मुलचेरा, अर्जुनी मोरगाव या तालुक्यांत पूर्व बंगालातून आलेल्या निर्वासितांची गावं आहेत. पिठा, म्हणजे तांदळाच्या पिठीचा बंगाली पदार्थ, कसा जमतो ते तिथल्या आज्ज्यांना विचारावं.

आम्ही सुचवतो ती मांडणी चार जणांची आहे. आत जपानी अंको भरलेला बांगलादेशी भापा (वाफवलेला) पिठा, त्यावर भुरभुरलेलं किनाको हे सोयाबीनचं पीठ, सोबत जपानी मसाल्याची झालमुडी, म्हणजे मुरमुऱ्यांची बंगाली भेळ, आणि भाजक्या तांदळाचा हिरवा चहा.

अंको म्हणजे आझुकी या बारीक लाल कडधान्याचं गोड पुरण. त्याच्या जागी लाल बरबटी घ्या, ती त्याच कुळातली. खुद्द जपानमध्ये सेकिहान हा लाल भात करताना तोक्योकडे आझुकीऐवजी बरबटी घालायची जुनी रीत आहे, कारण आझुकी शिजताना फुटते. 100 ग्रॅम बरबटी रात्रभर भिजवा. सकाळी एक उकळी आणून ते पाणी फेकून द्या, तुरटपणा त्यातच जातो. नव्या पाण्यात कुकरला चार शिट्ट्या करा. दाणा दोन बोटांत धरला की सालीसकट चेपला पाहिजे, तोवर गोड घालायचं नाही. गूळ आधी पडला की दाणा आहे तिथेच अडतो, मग कितीही शिजवा, कचकच राहतेच. मऊ दाण्यातलं पाणी निथळून जाड बुडाच्या कढईत 75 ग्रॅम गूळ दोन-तीन वेळा करून घाला आणि शेवटी चिमूटभर मीठ. उलथन्यानं बुडाशी रेघ ओढली आणि ती क्षणभर टिकली की उतरवा. निवल्यावर पुरण आणखी आळतं, म्हणून कढईतच गोळा व्हायची वाट पाहू नका. बांगलादेशात हिवाळी पिठ्याला खजुराचा गूळ लागतो. तो मिळाला तर उत्तम, नाहीतर उसाचा गडद गूळ घ्यावा.

भापा पिठ्याचं सगळं गणित पिठाच्या ओलाव्यात आहे. 250 ग्रॅम तांदळाच्या पिठीला चिमूटभर मीठ लावून 80 ते 100 मिली कोमट पाणी हातानं शिंपडत जा आणि बोटांनी चोळत राहा. मुठीत दाबल्यावर मूठ वळली पाहिजे आणि अंगठ्यानं टिचकी मारली की भुगा झाला पाहिजे. ही खूण साधली की अर्धा तास झाकून ठेवा, मग रव्याच्या चाळणीतून चाळा. चाळणं टाळलं तर गुठळ्यांच्या जागी पिठा आतून कोरडा निघतो. पाणी जास्त झालं तर वाफ पिठातून वर जात नाही आणि पिठा चिकट, गच्च होतो. नोव्हेंबर-डिसेंबरात नव्या धानाच्या तांदळाची पिठी असेल तर पाणी कमी लागतं, कारण त्या दाण्यात मुळातच ओल असते.

लहान वाटीत आधी चाळलेली पिठी, मध्ये सुपारीएवढी अंकोची गोळी आणि थोडं ओलं खोबरं, वर पुन्हा पिठी. वरून दाबू नका, बोटानं नुसतं सारखं करा. गोळी कडेला सरकली तर गूळ पाझरून वाटीला चिकटतो आणि पिठा काढताना तुटतो. वाटीवर ओलं पातळ फडकं घालून ती उलटी करा. गंजात पाणी उकळत ठेवून त्यावर भोक असलेलं झाकण घट्ट बसवा आणि कडेनं कणीक लावा, म्हणजे वाफ फक्त भोकातून येईल. पिठा फडक्यासकट त्या भोकावर ठेवा, वाटी काढून घ्या, फडक्याची टोकं वर दुमडून वाटी पुन्हा पालथी झाका. तीन ते चार मिनिटं पुरतात. एवढ्या पिठीत दहा-बारा पिठे होतात.

ते गरमच वाढायचे. साध्या तांदळातला स्टार्च निवताना कडक होतो आणि फ्रिजमध्ये तर लवकरच. उरलेले पिठे दुसऱ्या दिवशी पुन्हा वाफवून घ्यावेत. याच कारणानं आमच्या एचएमटी किंवा जय श्रीराम तांदळाचा मोची, म्हणजे भाताचा मऊ, चिवट जपानी गोळा, होत नाही, पीठ कितीही मळलं तरी होत नाही. मोचीला चिकट तांदूळच हवा. बांगलादेशात चट्टग्रामच्या डोंगराळ भागात पिकणारा बिन्नी तांदूळ तसा असतो, आणि जपानी व बांगलादेशी स्वयंपाक खरे जुळतात ते तिथे. तो हाताशी नसेल तर मोचीचा नाद सोडावा.

किनाको म्हणजे भाजलेल्या सोयाबीनचं पीठ. सोयाबीन आपल्याकडे पोत्यांनी असतं, पण पेरणीतून उरलेलं बियाणं चुकूनही घेऊ नका. त्याला बुरशीनाशक लावलेलं असतं आणि ते धुऊन जात नाही. खाण्यासाठी ठेवलेलं 100 ग्रॅम सोयाबीन निवडून मंद आचेवर वीस-पंचवीस मिनिटं भाजा. साल तडकून आतला दाणा फिका तपकिरी दिसला पाहिजे. कच्चं राहिलं तर उग्र वास येतो आणि पचायलाही जड जातं. पूर्ण निवल्यावर मिक्सरमध्ये थांबत थांबत फिरवा. सतत फिरवलं तर दाण्यातलं तेल सुटून गोळा होतो. चाळून त्यात दोन चमचे पिठीसाखर मिसळा. पंधरा दिवसांत संपेल एवढंच करावं, नंतर खवट होतं.

झालमुडीसाठी जपानी शिचिमीसारखा सात जिनसांचा मसाला घरी होतो. भिवापुरी मिरचीचं जाडसर तिखट दोन चमचे, वाळवलेल्या संत्र्याच्या सालीचा चुरा आणि भाजलेले पांढरे तीळ प्रत्येकी एक चमचा, काळे तीळ, खसखस आणि सुंठ प्रत्येकी अर्धा, तिरफळ पाव चमचा. जपानी मसाल्यातला सान्शो तिरफळाच्याच कुळातला. तिरफळाच्या काळ्या बिया काढून फक्त टरफल कुटायचं. संत्र्याची साल जपानी मसाल्यातही असते, त्यामुळे काटोल-वरुडच्या फळाची साल फेकून देण्यासारखी वस्तू नाही. फळ आधी कोमट पाण्यात घासून धुवा आणि साल सावलीत, हातानं मोडेपर्यंत वाळवा.

100 ग्रॅम मुरमुरे कढईत दोन मिनिटं परतून निवू द्या. त्यांना आधी दोन चमचे कच्चं मोहरीचं तेल चोळा. तेलाचा हात बसला की ते लवकर मऊ पडत नाहीत. मग उकडलेले काळे चणे, कांदा, मिरची, बिया काढलेली काकडी, सांबार (कोथिंबीर) आणि चमचाभर मसाला. लिंबू सगळ्यात शेवटी, बशी हातात देताना.

चहासाठी उकडा तांदूळ लोखंडी तव्यावर काही दाणे फुटून लालसर होईपर्यंत भाजा आणि वजनानं तेवढाच हिरवा चहा मिसळा. एका कपाला तीन ग्रॅम मिश्रण घ्या. दोन वाट्या उकळत्या पाण्यात एक वाटी माठातलं पिण्याचं पाणी मिसळलं की साधारण 75 अंश होतं. त्यात दीड मिनिटच ठेवा. उकळतं पाणी थेट ओतलं तर चहा कडू होतो. बोअरचं पाणी जड असेल तर ते आधी उकळून, निवळून वरचं तेवढं घ्या, नाहीतर चहावर साय धरल्यासारखा तवंग येतो. दुधाच्या चहाशिवाय ज्यांचं भागत नाही त्यांच्यासाठी आलं-लिंबू घातलेला बांगलादेशी कोरा चहा ठेवावा.

मे महिन्यात चार वाजता चुलीपुढे वाफ घेत कोणी उभं राहू नये. पिठे सकाळी करून खाताना पुन्हा वाफवावेत, आणि लिटरभर पाण्यात दहा ग्रॅम हिरवा चहा चार तास फ्रिजमध्ये भिजत ठेवून गाळून घ्यावा.

आपल्या,
गडचिरोली जिल्ह्यातल्या काही वाचक