प्रतिज्ञापत्रावर सही केली नाही

चि. बापू यास,
अनेक आशीर्वाद.

तुझं पाकीट परवा मिळालं. फोनवर तू चिडतोस अन् माझाही आवाज चढतो, म्हणून लिहितोय. वकिलानं माझ्या नावचं प्रतिज्ञापत्र तयार करून पाठवलंय. मी ऑगस्टपासून जानेवारीपर्यंत अंथरुणाला खिळून होतो, माझं करण्यात तू अडकलास, म्हणून पोटगीच्या निकालाविरुद्ध हायकोर्टात यायला उशीर झाला, असं त्यात आहे. अरे, मार्गशीर्षात वेळ अमावस्येला चाळीस माणसं शेतात जेवली. कडब्याची खोप मीच उभी केली. अंबिलाचं मडकं तुझा काका नको नको म्हणत असताना मी डोक्यावर घेतलं. सगळ्या गावानं पाहिलंय. शपथेवर काय लिहून देऊ?

छकुलीचं नाव काढायचं नाही असं ठरवून बसलोय.

सोमवारी तालुक्याला आपल्या बांधाच्या केसवाल्या वकिलांना भेटलो. ते म्हणाले, जुन्या फौजदारी संहितेच्या कलम 125 च्या (नव्या संहितेत आता ते 144 झालंय) पोटगीवर अपील नसतं, रिव्हिजन असतं, म्हणजे निकाल तपासून बघा असा अर्ज, तोही 90 दिवसांत, हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात. निकाल श्रावणातला, म्हणजे दिवाळीच्या पुढंमागं मुदत गेली. विलंब माफ होतो, पण कारण पटावं लागतं. अन् नुसतं रिव्हिजन टाकलं म्हणून पोटगी थांबत नाही. स्थगिती मागितली तरी बहुतेक वेळा आधी थकबाकीतले भरा म्हणतात. महिना 8 हजार, अर्जाच्या तारखेपासून, 26 महिने. दोनदा बेरीज केली. 2 लाख 8 हजार. थकलेल्या एका महिन्यासाठी महिन्यापर्यंत कैद होऊ शकते, अन् कैद भोगून आलं तरी पैसे फिटत नाहीत. हे ऐकल्यापासून रात्री कुत्रं भुंकलं की उठून बसतो. आईला अजून सांगितलेलं नाही.

खरं कारण तुला ठाऊक आहे, मलाही. राग आला अन् तू निकालाची नक्कल कपाटात टाकून दिलीस. 8 हजार झेपत नसतील तर पगारपत्रक, खोलीचं भाडं, गाडीचा हप्ता, सगळं कोर्टापुढं ठेव. ओव्हरटाइम बंद झाला म्हणालास ना? परिस्थिती बदलली तर त्याच कोर्टात रक्कम कमी करून मागता येते, पूर्वीचं कलम 127, आता नव्या संहितेत 146, त्याखाली. पण भरत राहून माग. त्या 8 हजारांतले 3 छकुलीचे आहेत. सूनबाईशी तुझं पटलं नाही, त्यात चूक कोणाची हे मी कधी विचारलं नाही, विचारणारही नाही. पण लेकराच्या शाळेची फी तिच्या मामानं भरावी अन् बापानं तारखा मोजाव्यात, हे...

बघ, आलंच नाव. अन् कीर्तनही सुरू झालं माझं. रागावू नकोस. तू डिप्लोमाला पहिल्या वर्गात आलास तेव्हा पारावर पेढे वाटताना लोक मला साहेबाचा बाप म्हणाले होते. ते अजून कानात आहे, म्हणून बोलून जातो.

तीन वर्षांमागं वेळ अमावस्येला छकुलीनं माझा टॉवेल फेट्यासारखा बांधून घेतला होता. पाच पांडवांची पूजा झाल्यावर ज्वारीत अंबिल शिंपडायला निघाली अन् निम्मं स्वतःच्याच अंगावर सांडलं. तू तिला खांद्यावर घेतलंस, तुझा नवा शर्ट आंबट झाला, तरी हसत होतास. यंदा आईनं भज्जी केली, बाजरीचे उंडे केले, अन् एक पत्रावळ जास्तीची मांडून ठेवली. कोणासाठी ते मी विचारलं नाही.

सोयाबीन भाव वाढेल म्हणून ठेवलं होतं, ते आता विकून टाकतो. येतील ते पैसे तुझ्या खात्यावर घालीन. ते कोर्टातच भरायचे अन् पावतीचा फोटो मला पाठवायचा. संशय घेतो असं समजू नकोस. बघितल्याशिवाय झोप लागायची नाही, एवढंच.

तुझा कागद सही न करता सोबत परत पाठवतोय. उशीर का झाला ते तुझं तूच लिही. तारखेला मी येईन, तुझ्या शेजारी बसेन.

आईचा गुडघा तसाच आहे. छकुलीला चप्पल आता किती नंबरची लागते, तेवढं विचारून कळव.

तुझे,
आण्णा