कुणासाठी वाजवायचं? : अनघास पत्र

पुणे,
९ नोव्हेंबर

प्रिय अनघा,

तुझ्या पत्रातलं एक वाक्य महिनाभर माझ्या मनात घर करून आहे. माई गेल्यापासून पियानोचं झाकण उघडलं तरी हात पट्ट्यांवर पडत नाहीत, स्वयंपाकघरातून ‘डावा हात जड पडतोय गो तुझा’ असं सांगणारं आता कुणी उरलं नाही, मग वाजवायचं कुणासाठी, असं तू विचारलंस. याला समजुतीचं काही लिहावं असं मला वाटलं नाही. माईंना नोटेशनमधलं ओ की ठो कळत नव्हतं, पण आयुष्यभर भजनं म्हणून तयार झालेला त्यांचा कान किती पक्का होता ते मी तुमच्या मडगावच्या घरी राहून पाहिलंय. ती जागा भरणार नाही. म्हणून समजूत बाजूला ठेवते आणि एका बाईबद्दल लिहिते. आपल्या पहिल्याच पुस्तकाला तिनं तुझाच प्रश्न नाव म्हणून दिला होता: ‘मी वाजवते ती कुणासाठी?’ ते स्वीडिश पुस्तक १९७० साली आलं.

तिचं नाव कॅबी लारेतेई. स्वीडनची कॉन्सर्ट पियानिस्ट. नाव तुझ्या डोळ्यांखालून गेलं असेल, पण बहुधा स्वीडिश दिग्दर्शक इंगमार बर्गमनच्या चित्रपटांच्या श्रेयनामावलीत, नाहीतर ‘बर्गमनची चौथी बायको’ अशा उल्लेखात. मला याचंच वाईट वाटतं. ९२ वर्षं जगलेली, कार्नेगी हॉलपर्यंत जाऊन वाजवलेली, पुस्तकं लिहिलेली, टीव्हीवर लोकांना संगीत समजावून सांगितलेली ही बाई, आणि तिची ओळख दहा वर्षांच्या एका लग्नावरून द्यायची! खरं तर त्या लग्नात शिकायला कोण बसलं होतं, ते पुढे सांगतेच.

मुळात ती स्वीडनची नव्हेच. १९२२ च्या जुलैत एस्टोनियातल्या तार्तू या विद्यापीठाच्या गावात ती जन्मली. तो देश तेव्हा स्वतंत्र होऊन जेमतेम चार वर्षं झाली होती, म्हणजे देश आणि मुलगी साधारण बरोबरीनंच वाढत होती. वडील हाइनरिख लारेतेई मुत्सद्दी होते. १९४० च्या उन्हाळ्यात सोव्हिएत फौजांनी एस्टोनिया ताब्यात घेतला, तेव्हा ते स्टॉकहोममध्ये एस्टोनियाचे राजदूत होते. ज्या देशाचे राजदूत, तो देशच नकाशावरून पुसला गेला. स्वीडननं ते सामिलीकरण मान्य केलं आणि वकिलातीची इमारत सोव्हिएतांच्या हवाली केली. परत जाण्यात जिवाला धोका होता. कुटुंब स्वीडनमध्येच राहिलं. कॅबी तेव्हा १८ वर्षांची होती. चार वर्षांनी, १९४४ च्या शरदात, लाल सेना दुसऱ्यांदा आली तेव्हा हजारो एस्टोनियन माणसं लहान लहान होड्यांतून बाल्टिक समुद्र ओलांडून त्याच किनाऱ्याला लागली.

मी तिच्याबद्दल वाचत गेले तसं मला जाणवत गेलं की तिचा तो प्रश्न इथूनच सुरू होतो. वादक आधी आपल्या माणसांसाठी वाजवतो. घरातले, गल्लीतले, आपली भाषा बोलणारे. हिची ती माणसं समुद्रापलीकडे बंद झाली होती. समोर बसलेले श्रोते सभ्य होते, जाणकार होते, पण हिच्या लहानपणाचं त्यांना काही ठाऊक नव्हतं. त्यांच्यासमोर बसून तिनं वाजवलं, आणि पुढं याच देशाची कलावंत म्हणून ती जगभर गेली.

शिकायला ती जर्मनी-स्वित्झर्लंडकडे गेली, कंडक्टर गुन्नार स्टेर्न यांच्याशी लग्न झालं, मुलगी झाली, दौरे सुरू झाले. हा भाग मी भराभर सांगते, कारण मला तुला नेमकं जे सांगायचंय ते यानंतर घडतं. चांगलं नाव झालेलं असताना ती पुन्हा विद्यार्थिनी झाली. मारिया-लुइसा श्ट्रुब-मोरेस्को या शिक्षिकेकडे तिनं आपला हात पार सुटा सुटा करून परत बांधला. बर्गमननं आपल्या आत्मचरित्रात, शिक्षिकेचं नाव बदलून, या शिकवण्यांबद्दल लिहिलंय. एकेक ओळ वेगळी काढायची, तिच्यातली बोटं, मनगट, पेडल, श्वास तपासायचा, आणि ती ओळ कोरडेपणानं नीट येईपर्यंत तिच्यात ‘भाव’ म्हणून काही ओतायचं नाही. मैफली गाजवलेल्या गायकानं पुन्हा पहाटे उठून नुसत्या षड्जाला बसावं, तसंच हे. त्या वयात, ती कीर्ती पाठीशी असताना, कुणी दुसऱ्यासमोर असं बसत असेल तर ते टाळ्यांसाठी नक्कीच नव्हे.

आणि बर्गमन? दिग्दर्शक म्हणून त्याचा दबदबा केव्हाच झाला होता. दोघांचं प्रेम जमलं ते बरंचसं पत्रांतून, १९५९ मध्ये लग्न झालं. खूप उशिरा, बर्गमन गेल्यानंतर दोन वर्षांनी, २००९ मध्ये तिनं त्या पत्रांवर पुस्तक केलं. त्याच्या नावातही प्रश्नच आहे: एवढं सारं प्रेम गेलं तरी कुठं? प्रश्न विचारण्याची ही तिची रीत मला फार जवळची वाटते. तर मघाशी म्हटलं ते आता सांगते. या घरात संगीत आणलं ते तिनं, आणि तो ऐकत, बघत, शिकत गेला. त्याच्या १९६० च्या ‘डेव्हिल्स आय’मध्ये स्कार्लाती या जुन्या संगीतकाराची रचना वाजते ती तिच्या हातची. १९६१ चा ‘थ्रू अ ग्लास डार्कली’ त्यानं तिला, ‘माझ्या पत्नीला’ म्हणून अर्पण केला. चार माणसं, एक बेट, एक दिवस. चार वाद्यांनी एकमेकांना उत्तरं देत बसावं तशी त्याची रचना. पुढचे त्याचे चित्रपट असेच आटोपशीर होत गेले, पात्रं कमी, शांतता जास्त. याचं सारं श्रेय तिला देऊन टाकावं असं मी म्हणणार नाही, स्ट्रिंडबर्गची नाटकं त्याच्या रक्तातच होती. पण शांतता कशी मोजायची असते हे त्यानं पियानोच्या शेजारी बसून ऐकलं, एवढं मी नक्की म्हणेन.

१९६२ मध्ये त्यांचा मुलगा डॅनियल जन्मला, तोही पुढं दिग्दर्शक झाला. १९६९ मध्ये घटस्फोट झाला. त्याआधीच बर्गमनच्या आयुष्यात नटी लिव उलमन आली होती. हे सगळं लक्षात ठेव, कारण आता मी ‘ऑटम सोनाटा’कडे येतेय.

१९७८ चा चित्रपट. करचुकवेगिरीच्या आरोपावरून पोलिसांनी बर्गमनला तालमीतून उचलून नेलं होतं, त्या धक्क्यानं तो देश सोडून गेला होता, आणि हा चित्रपट त्यानं नॉर्वेत केला. म्हणजे या खेपेला तोही परागंदा. नटी इन्ग्रिड बर्गमन (दिग्दर्शकाशी नुसतं आडनाव सारखं) झालीय शार्लट, जगभर फिरणारी पियानिस्ट. लिव उलमन झालीय ईव्हा, तिची मागे राहिलेली मुलगी. सात वर्षांनी भेट होते. संध्याकाळी ईव्हा पियानोवर बसते आणि आईला शोपँ या संगीतकाराचं ए मायनर प्रील्यूड, म्हणजे पियानोची एक छोटी रचना, वाजवून दाखवते, ओपस २८ मधलं दुसरं. तू विद्यार्थ्यांना ते देत नाहीस, ‘दिसायला सोपं आणि आत विहीर’ म्हणतेस, तेच. उण्यापुऱ्या २३ मात्राखंडांचं. डावा हात आडदांड अंतरांवर रेटत राहणारा, जवळजवळ बेसूर वाटावा असा. वरती उजव्या हातात एकच रुक्ष ओळ. आणि मूळ स्वराचं घर पार शेवटी कुठं सापडतं.

ईव्हा वाजवते. मनापासून, जपून, अडखळत. कौतुकाची वाट बघत. मग आई तिला बाजूला बसवते आणि सांगते की शोपँ भावनांनी भरलेला आहे पण भावविवश नाही. वेदना आहे, पण तो ती दाखवत नाही. मध्ये क्षणभर सुटका होते, ती लगेच विरते, वेदना होती तेवढीच राहते. आणि मग ती स्वतः वाजवते. कॅमेरा पट्ट्यांवर फारसा रेंगाळत नाही. आईचा चेहरा बाजूनं दिसतो, आणि तिच्याकडे बघणारा मुलीचा चेहरा पुरता आपल्याकडे. त्या चेहऱ्यावर काय काय येतं ते लिहून सांगता येणार नाही.

आता ऐक. ही दोन्ही वादनं कॅबीची आहेत. मुलीचंही तीच वाजवते, आईचंही तीच. कल्पना कर, तू कॅबीच्या जागी आहेस. ज्या बाईशी तुझ्या नवऱ्याचं पुढं जुळलं, तिच्या पात्रासाठी तू कमकुवत वाजवायचंस. आणि एका महान नटीच्या पात्रासाठी थोर वाजवायचंस. तुझा चेहरा मात्र कुठंच नाही. अनघा, तू वादक आहेस, तुला कळेल की यातलं पहिलं काम किती अवघड आहे. चुकीचे स्वर लावले की ‘वाईट’ वादन होतं असं सामान्य माणसाला वाटतं. ईव्हाचे स्वर फारसे चुकत नाहीत. तिचा चुकतो तो भरवसा. ओळ पुढं ढकलायची तिथं ती थांबते, जिथं कठोर व्हायचं तिथं मऊ होते, प्रत्येक वळणाला ‘आवडलं का?’ असं विचारते. ते मुद्दाम वाजवून दाखवणं, आणि त्यात तिची टिंगल होऊ न देणं, हे काम मला आईच्या वादनाहून मोठं वाटतं. मी हा प्रसंग परत परत लावते आणि दर वेळी मला ईव्हाचं वादनच जास्त काळ पुरतं.

पुष्कळजण म्हणतात की शार्लट म्हणजे कॅबीच. दौऱ्यांवर असणारी, मुलं मागे ठेवणारी आई म्हणून. मला हे फार अन्यायाचं वाटतं. कॅबीचं संगीताचं बोलणं, तो भाव आणि भावविवशतेतला फरक, हे त्या पात्रात उतरलं असेल, ते स्वाभाविक आहे. पण दौऱ्यावर जाणाऱ्या पुरुष वादकांच्या मुलांबद्दल कुणी चित्रपट काढत नाही, आणि काढला तर त्या वादकाला कुणी त्याबद्दल आयुष्यभर विचारत नाही. शिवाय तिनं ते प्रील्यूड वाजवायला नकार दिला असता तर कुणी दोष दिला नसता. तिनं दोन्ही बाजूंनी वाजवून दिलं.

याआधी ‘क्राइज अँड व्हिस्पर्स’मध्ये शोपँचा ए मायनर मझुर्का (पोलिश नाचाच्या चालीवरची रचना) तिचाच होता, ‘फेस टू फेस’मध्ये ती पडद्यावर बसून मोत्सार्टची सी मायनर फँटसी वाजवते, आणि ‘फॅनी अँड अलेक्झांडर’मध्ये अ‍ॅना आत्या म्हणून चक्क अभिनय करते. घटस्फोटानंतरची ही सारी कामं आहेत. नातं संपलं आणि ऐकणं चालू राहिलं, असं काही त्या दोघांत असावं.

पण तिला नुसतं चित्रपटांतून ऐकू नकोस. तिनं जर्मन संगीतकार हिंडेमिटचं पियानोसाठीचं ‘लुडुस तोनालिस’ रेकॉर्ड केलंय, ते मिळव. १९४२ ची रचना. १२ फ्यूग (एकच धून वेगवेगळ्या ओळींत एकीमागून एक येत राहते अशा रचना), त्यांच्यामध्ये ११ छोटे तुकडे, सुरुवातीला एक प्रील्यूड आणि शेवटी त्याचं पोस्टल्यूड, म्हणजे समारोप. गंमत अशी की पहिलं पान उलटं, डोकं खाली करून शेवटाकडून वाजवलं की साधारणपणे शेवटचं पान तयार होतं. नुसतं कागदावर बघितलं तर गणित वाटेल. पण हिंडेमिटही नाझी जर्मनीतून बाहेर पडून अमेरिकेत जाऊन राहिलेला माणूस होता, आणि ही रचना त्यानं तिथं केली. आपलं गाव सुटलेल्या माणसानं स्वरांचं एक पूर्ण घर बांधावं, त्यात १२ च्या १२ स्वरांना आपापली खोली द्यावी, आणि आपलं गाव सुटलेल्या दुसऱ्या माणसानं ते वाजवत गावोगाव जावं. तिनं हेच का निवडलं, ते मला कुणी सांगायला नको.

१९९१ च्या ऑगस्टमध्ये एस्टोनिया पुन्हा स्वतंत्र झाला. ती ६९ वर्षांची होती. तिनं एव्हाना स्वीडिशमध्ये पुस्तकं लिहिली होती, एस्टोनियातल्या आपल्या मुळांबद्दलही. २०१४ च्या ऑक्टोबरअखेर ती स्टॉकहोममध्ये गेली.

तर कुणासाठी वाजवायचं? मला तिच्या आयुष्यात याचं एक उत्तर सापडत नाही, आणि सापडलं असतं तरी ते तुझ्या गळ्यात बांधायचं धाडस मी केलं नसतं. मला एवढंच दिसतं की तिचे ऐकणारे सतत बदलत गेले. आधी देश गेला, मग नवरा गेला, शेवटी वयानं हातही थकले असतील. प्रश्न तिनं सोडला नाही आणि पियानोही सोडला नाही. पन्नाशीच्या उंबरठ्यावर हा प्रश्न पुस्तकाच्या कव्हरवर लिहिणारी बाई त्यानंतर आठ वर्षांनी ते प्रील्यूड वाजवते. म्हणजे उत्तर मिळेपर्यंत ती थांबली नव्हती.

तू एक कर. ‘ऑटम सोनाटा’ बघ, पण मुलांच्या शिकवण्या असतील त्या दिवशी नको, एकटी असशील तेव्हा बघ. मग ते प्रील्यूड काढ. आधी ईव्हासारखं वाजव, खरोखर तसं, आणि कुठल्या मात्राखंडात काय बदलावं लागतं ते मला लिही. मला स्वरलिपी तुझ्याइतकी वाचता येत नाही, त्यामुळे सविस्तर लिही. डावा हात जड ठेवायचा की नाही, याबद्दल शार्लटचं मत माईंच्या उलट पडेल असं मला वाटतं, आणि मला माईंचं पटतं. तुझं काय मत आहे?

नाताळच्या सुट्टीत मी मडगावला येतेय, तिकीट काढलंय. लुडुस तोनालिसची नोटेशन्स पणजीत कुणाकडे मिळतात का बघून ठेव, नाहीतर इथून प्रत काढून आणते.

तुझी,
वृंदा