काजवाखडा उलटा बसवलाय!

महोदय,
स. न. वि. वि.

तुमच्या रविवारच्या बालपुरवणीत काजवाखड्याची गोष्ट क्रमशः येते. माझी नात पाचवीत आहे. ती वाचते, मी ऐकतो, कारण माझं मोतीबिंदूचं ऑपरेशन व्हायचं आहे. गोष्ट झकास आहे. डोंगरात सापडलेला खडा कुटून चुन्यात कालवला की पूल हत्तीच्या भारानंही वाकत नाही, हे मला मान्य. जादू म्हटली की मान्य. पण गेल्या रविवारच्या भागात गोष्टीतल्या इंजिनिअरनं तो खडा पुलाच्या खांबात बसवला आणि गावाला सांगितलं, ‘पूल खचायला लागला की हा लाल पेटेल. अंधार असेल तर खुशाल बैलबंड्या घाला.’ इथं मी नातीला थांबवलं.

मी अकोला-खंडवा मीटरगेजवर बत्तीवाला होतो. धूळघाटला रूळ स्वतःलाच वेढा घालून वर चढायचे, तीच लाइन. रोज दिवस मावळायच्या आत हातात दिवा घेऊन सिग्नलच्या खांबावर चढायचं. पावसाळ्यात शिडीचे गज शेवाळलेल्या पायरीसारखे निसरडे व्हायचे. आधी खाली बसून चिमणी पुसायची, वातीची जळकी कड कातरायची. वात तिरपी कातरली गेली तर एका बाजूनं ज्योत उंच होते, चिमणी काजळते आणि तासाभरात दिवा आंधळा. बोटांची काजळी साबणानं जायची नाही, तिला राखच लागायची. ज्योत असायची करंगळीच्या नखाएवढी. समोर जाड भिंग, म्हणून ती ड्रायव्हरला लांबून दिसायची.

दिवा पेटवणं एवढंच काम असतं तर ते कुणीही केलं असतं. पण सिग्नल बिघडला तर तो काय सांगेल, हे तो बनवणाऱ्यानं आधीच ठरवून ठेवलेलं असायचं. केबिनमधून लिव्हर ओढला की तार ताणली जायची, सिग्नलचा हात, म्हणजे खांबावरची आडवी पट्टी, खाली पडायचा, गाडीला वाट मोकळी. ती तार मध्येच तुटली तर? वजनानं हात आपोआप आडवा व्हायचा, म्हणजे थांबा. रात्री दिवाच विझला तर? जिथं दिवा असायला हवा तिथं अंधार दिसला की ड्रायव्हरनं तो लाल समजायचा आणि गाडी उभी करायची, असा नियम. आणि दिवा जळतोय की नाही हे मास्तरांना स्टेशनवरून कळावं म्हणून दिव्याच्या पाठीला पांढऱ्या उजेडाचं बारीक भोक असायचं. हात आडवा असला की तो ठिपका दिसायचा. मी घरी जेवायला बसलो तरी एक डोळा त्या ठिपक्यावर. बायको म्हणायची, ‘भाकरीकडे पाहा, ते कुठी पळून नाही चाल्लं.’

आता हे रेल्वेचं झालं. गावाचं सांगतो. आमच्या नाल्यावर रपटा आहे, म्हणजे बुटका फरशी पूल. पूर्वी ठरलेलं असं, की रपट्यावरून पाणी जायला लागलं की काठावरच्या बाभळीला लाल कंदील टांगायचा. कंदील नाही, म्हणजे पाणी नाही. एका श्रावणात रात्री कंदील टांगला होता, पण पावसाच्या झडीनं विझला. माझा चुलतभाऊ बाजारातून परतत होता. अंधार पाहून त्यानं बंडी घातली. तो जुवाला धरून वाचला. उजवीकडचा बैल, ढवळ्या, तिसऱ्या दिवशी खालच्या बाभुळबनात अडकलेला सापडला. ज्यानं कंदील लावला होता त्याचा दोष नव्हता. व्यवस्थाच उलटी होती, आणि मी बत्तीवाला असून इतकी वर्षं त्याच वाटेनं जाताना माझ्याही डोक्यात ते आलं नव्हतं.

तुमच्या लेखकांचा काजवाखडा त्याच बाभळीला टांगलाय. खडा फुटला, चोरीला गेला, नाही तर त्यावर गाळ बसला, तर तो ‘खुशाल या’ म्हणणार. त्यापेक्षा पूल धड आहे तोवर खड्यानं हिरवं जळत राहावं, नि तडा गेला की विझावं. जादूच करायची आहे तर एवढं अवघड नाही.

हिरव्यावरून आठवलं. खड्याचा उजेड हळदीसारखा पिवळा, आणि इंजिनिअरनं त्यापुढे पोपटी काच लावली, असं लिहिलंय. रॉकेलची ज्योतही पिवळीच. तिच्यापुढे पोपटी काच लावली तर उजेड पिवळट दिसतो. म्हणून आमच्या सिग्नलची ‘हिरवी’ काच हातात घेतली तर चक्क निळसर असायची. पिवळ्या ज्योतीपुढे आली की हिरवी. पहिल्या दिवशी मीच ओरडलो होतो, की स्टोअरवाल्यानं चुकीची काच पाठवली.

नातीला हे सगळं सांगितलं तर ती म्हणाली, ‘आबा, मंग गोष्टीतली पोरं रात्री येतील अन् खडाच काढून नेतील तर?’

नेऊ देत की. बंडी अलीकडेच थांबेल.

आपला,
एक निवृत्त बत्तीवाला,
ता. अकोट, जि. अकोला