आमच्या ध्वनिमुद्रक काकांना जाहीर आभार

प्रिय काका,

ऊसतोड कामगारांवरच्या आपल्या माहितीपटाचं संगीत आवडल्याचे निरोप अजून येताहेत. त्यात तुमचा वाटा किती आहे, हे चारचौघांत सांगायचं होतं.

शूटिंग आटोपून सगळे गाडीत बसले, तरी तुम्ही उसाच्या फडात थांबायचात. कोयत्याचे घाव, पाचटाची सळसळ, बैलाच्या गळ्यातली घंटा, पहाटे कोपीबाहेर, म्हणजे कामगारांच्या झोपडीबाहेर, पेटलेली चूल. आणि काहीच घडत नसतानाचा त्या त्या जागेचा आवाज. यातलं काही कोणी मागितलं नव्हतं. प्रत्येक फाइलच्या सुरुवातीला ठिकाण, वेळ आणि माईकचं अंतर तुमच्याच आवाजात सांगितलेलं!

संगीतकाराच्या हाती बहुधा संकलित चित्रपट येतो आणि त्यावर तात्पुरतं चिकटवलेलं कुठलंतरी दुसरंच संगीत. सगळ्यांचे कान तोवर त्यालाच सरावलेले असतात. मला मात्र तुमची घंटा मिळाली. तानपुरा तिच्याच सुराला लावला, त्यामुळे बैलगाडी पडद्यावर येते तेव्हा सूर एकमेकांशी भांडत नाहीत. कोयत्याची लय ऐकली आणि ठेका ठेवायचाच नाही असं ठरवलं. तोडणारा चार घाव घालतो, थांबतो, वाढे म्हणजे उसाचे शेंडे छाटतो, पुन्हा वाकतो. त्यावर ढोलकी वाजवली असती तर कष्टाचा नाच झाला असता.

सर्वांत मोठं ऋण बीडच्या मावशींच्या मुलाखतीचं. मावशी हळू बोलतात. ‘दोन ते चार हजार हर्ट्‌झ हा कंपनांचा पट्टा मोकळा ठेव, शब्द तिथेच स्पष्ट होतात,’ असं तुम्ही फोनवर म्हणालात; मी त्या पट्ट्यात घुसणारं व्हायोलिन काढून खालच्या सप्तकात चेलो ठेवला. पण त्या गर्भपिशवी काढल्याचं सांगू लागतात, तिथे चेलोही नको होता. तिथे सूर लावणं म्हणजे प्रेक्षकाला ‘आता रडा’ असं सांगणं. मुलाखत कापून जोडली की मागचा आवाज तुटतो, आणि ते सांधे झाकायला पुष्कळदा संगीतच ओढून पसरतात. तुम्ही कोपीतला नुसता आवाज भरपूर टिपून ठेवला होता, म्हणून ते सांधे त्यानेच भरले. मावशींचं बोलणं कसल्याही संगीताविना लोकांपर्यंत पोचलं.

महोत्सवाच्या प्रतीत संगीताच्या पाटीवर तुमचं नाव माझ्या नावाशेजारी घालायला दिग्दर्शकांनी होकार दिला आहे. कृपा करून नको म्हणू नका.

तुमची,
संगीतकार