बाबा, पेटी खाली काढू या

मिसिसागा
रविवार, रात्री उशिरा

ती. आई-बाबांना,
सा. न. वि. वि.

आई, हे पत्र बाबांना मोठ्याने वाचून दाखव. फोनवर पेटीचा विषय काढला की ते "बरं, जेवलीस का?" म्हणून बगल देतात.

मागच्या आठवड्यात कामासाठी ओटावाला गेले होते. तिथे नॅशनल आर्ट्स सेंटरच्या कोपऱ्यावर जॅझ पियानोवादक ऑस्कर पीटरसनचा पुतळा आहे. ब्राँझचा पियानो, बाकावर बसलेला धिप्पाड माणूस आणि त्याच्या शेजारी कुणीही बसावं एवढी मोकळी जागा. मी बसले. बाबा, तेव्हापासून तुम्हाला लिहायचं डोक्यात आहे.

जॅझ म्हटलं की तुम्ही नाक मुरडता, माहीत आहे. पण हा माणूस तुम्हाला आवडेल. जन्म १५ ऑगस्ट १९२५, तेव्हा तारीख विसरायची सोय नाही. गाव मॉन्ट्रियल. वडील रेल्वेत पोर्टर. फेरीवर निघताना पोरांना धडा नेमून द्यायचे आणि परत आले की वाजवून घ्यायचे. फिरतीवरून आल्या आल्या, बूटही न काढता, "पलटे म्हण" म्हणणारे कुणी आठवतं? पुढे पोरगा जरा हवेत गेला, तेव्हा वडिलांनी त्याला आर्ट टेटम या पियानोवादकाची तबकडी ऐकवली. त्याला वाटलं, दोघं मिळून वाजवताहेत. एकटाच आहे हे कळल्यावर त्याने बरेच दिवस पियानोला हात लावला नाही. तुम्ही मला गोविंदराव पटवर्धनांची पेटी ऐकवलीत तेव्हा माझंही तेच झालं. फक्त तो परत पियानोपाशी गेला!

आणि घराणं विचाराल तर, पियानोचे उस्ताद फ्रान्झ लिस्ट, त्यांचे शिष्य थोमान, थोमानांचे डी मार्की आणि डी मार्कींचा हा ऑस्कर.

१९४९ साली नॉर्मन ग्रांझ या कार्यक्रम भरवणाऱ्या माणसाने टॅक्सीतल्या रेडिओवर, एका क्लबातून थेट लागलेलं त्याचं वाजवणं ऐकलं आणि विमानतळाकडे निघालेली टॅक्सी क्लबाकडे वळवली. सप्टेंबरात ऑस्कर न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलमध्ये होता. अमेरिकेत काम करायचा परवाना नव्हता, म्हणून त्याला श्रोत्यांत बसवलं आणि अचानक पाहुणा म्हणून वर बोलावलं. (व्हिसापायी माझ्या चपला झिजल्या, त्यामुळे ही गोष्ट मला भारीच आवडते.)

त्याचं नाव झालं ते त्रिकुटामुळे. १९५३ ते ५८ पियानोवर तो, बासवर (खर्जाचं मोठं तंतुवाद्य) रे ब्राउन, गिटारवर हर्ब एलिस. ड्रम नाहीतच. ठेका हवा तिथे एलिस गिटारवरच थाप देऊन बोल काढायचा. तबलजी आला नाही म्हणून तुम्ही जोश्यांच्या ओट्यावर डबा वाजवून भजन रेटलं होतंत, तसंच. ऑस्करचा हात मात्र असा धावायचा की काही समीक्षक कुरकुरत, फार सूर वाजवतो. मलाही कधी कधी तसं वाटतं. पण संथ गाणी वाजवताना तो एकेका सुरावर असा रेंगाळतो की तक्रार विसरते.

आता खरं सांगायचं ते. १९९३ साली न्यूयॉर्कच्या एका क्लबात वाजवत असतानाच त्याला झटका आला. डावी बाजू गेली. पियानोवाल्याचा डावा हात म्हणजे निम्मं गाणं. दोनेक वर्षं तो कार्यक्रमांपासून लांब होता. मग परत आला. डावा हात पहिल्यासारखा कधीच झाला नाही. उजव्या हाताने वाजवायचा, डाव्याला जमेल तेवढं, आणि खालचा सूर बासवाला धरून ठेवायचा. मी ती उशिराची ध्वनिमुद्रणं मुद्दाम ऐकली. वेग उतरलाय, पण चार सुरांत ओळखू येतो. २००७च्या डिसेंबरात तो इथेच, मिसिसागात गेला. त्याच्या नावाच्या रस्त्यावरून मी रोज जाते.

बाबा, तुमचा उजवा हात धडधाकट आहे. डाव्याला फक्त भाता मारायचा होता. "भाता कोण मारणार?" असं म्हणून तुम्ही पेटी माळ्यावर टाकलीत. आई मारेल की! चाळीस वर्षं समोर बसून ऐकलंय तिने, श्वास कुठे घ्यायचा ते तिला तुमच्यापेक्षा जास्त कळतं. समोरून भाता ओढायचा, तुम्ही पट्ट्यांवर. सुरुवातीला फुसफुसेल, भांडण होईल, होऊ दे.

रविवारी तुमच्या सकाळी व्हिडिओ कॉल करते. पेटी काढायला वरच्या मजल्यावरच्या पोराला बोलवा. आई, तू स्टुलावर चढू नकोस.

तुमची,
चिमू