गट मोठा, म्हणून बेट सोपं होत नाही

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या वृत्तपत्राचे कितीतरी वाचक मुलाबाळांकडे ऑस्ट्रेलियाला येतात. त्यांपैकी जे क्वीन्सलँडमध्ये येतात, त्यांचा 'गरी' बेटावर जाण्याचा बेत हमखास ठरतो. हे पूर्वीचं फ्रेझर आयलंड. जून 2023 मध्ये बेटाला त्याचं मूळ नाव अधिकृतपणे परत मिळालं. सुट्ट्या जवळ आल्या की व्हॉट्सअॅपवर गट तयार होतो. पाच-सहा फोर-व्हील-ड्राइव्ह गाड्या, तंबू, मुलं, भारतातून आलेले आई-वडील, असा मोठा ताफा निघतो. मी ब्रिस्बेनला राहते आणि अशा ताफ्यात बहुतेक वेळा शेवटची गाडी चालवते. शेवटच्या गाडीतून पुढच्या सगळ्यांचं सगळं दिसतं. तिथून जे पाहत आले त्यावरून एक गोष्ट कळकळीने सांगायची आहे: "आपण इतके जण आहोत, काही झालं तर कोणी ना कोणी बघेल" हा या बेटावरचा सर्वांत घातक समज आहे.

आधी बेटाविषयी थोडं. गरी हे जगातलं सर्वांत मोठं वाळूचं बेट. लांबी सव्वाशे किलोमीटरच्या आसपास. 1992 पासून ते युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आहे. वाळूवर उंचच्या उंच पर्जन्यवन उभं असलेली जागा जगात क्वचितच सापडेल. वाळूच्या टेकड्यांच्या कुशीत पावसाच्या पाण्याची गोडी तळी आहेत. त्यांतलं बुरांगूरा, म्हणजे लेक मॅकेंझी, एकदा पाहिलं की डोळ्यांसमोरून हलत नाही. पांढरी शुभ्र सिलिकाची वाळू, आणि पाणी इतकं नितळ की गुडघाभर खोलीतही पायाची नखं मोजावीत. जरूर जा. माझं म्हणणं जाऊ नका असं मुळीच नाही.

पण तिथे डांबरी रस्ता नाही. पूर्व किनाऱ्यावरचा 'सेव्हंटी-फाइव्ह माइल बीच' हाच तिथला हमरस्ता. रस्त्याचे सगळे कायदे त्याला लागू आहेत, किनाऱ्यावर वेगमर्यादा ताशी 80 किलोमीटर आहे आणि त्याच पुळणीवर छोटी विमानंही उतरतात. हा हमरस्ता दिवसातून दोनदा समुद्र गिळतो. भरतीच्या आधीचे दोन तास आणि नंतरचे दोन तास किनाऱ्यावर गाडी घालायची नाही, हा तिथला साधा हिशेब. ओहोटीला पाण्याच्या कडेची ओली वाळू टणक असते, गाडी सुरेख पळते. भरती चढू लागली की वरच्या भुसभुशीत वाळूतून जावं लागतं. तिथे गाडी रुतली तर एका बाजूला वाळूची टेकडी, दुसऱ्या बाजूला चढतं पाणी.

मोठ्या गटाचं घोडं नेमकं इथे अडतं. एका गाडीचं कुटुंब सकाळी सातला निघायचं म्हटलं तर सातला निघतं. सहा गाड्यांचा गट नऊला निघतो. कोणाचा तंबू मिटायचा असतो, कोणाचं मूल जेवायचं असतं, कोणाला वाटेत चहा हवा असतो. समुद्र मात्र आपल्या वेळेला येतो. आणि भरतीचं वेळापत्रक कोणी पाहिलंय, असं विचारलं की प्रत्येक जण दुसऱ्याकडे बघतो. म्हणून आमच्या ताफ्यात आता हे काम एकाच माणसाकडे असतं. निघायची वेळ तो सांगतो आणि त्यावर चर्चा होत नाही. पूर्व किनाऱ्याचं वेळापत्रक पाहायचं हेही तोच लक्षात ठेवतो, कारण पश्चिमेला हर्वी बेच्या बाजूच्या भरतीच्या वेळा वेगळ्या असतात.

मुख्य भूमीवरच्या इन्स्किप पॉइंटला बार्जवर, म्हणजे गाड्या बेटावर नेणाऱ्या सपाट बोटीवर, चढण्याआधी चाकांतली हवा काढायची असते. ताफा खरंच ताफा आहे की नुसता गाड्यांचा घोळका, हे तिथे कळतं. रस्त्यावर 36-38 पीएसआय असलेली हवा आम्ही 18 च्या आसपास आणतो; वाळू फारच भुसभुशीत असली तर 16. व्हॉल्व्हचं टोपण खिशात टाकायचं (जमिनीवर ठेवलं की वाळूत गेलंच), दहा-बारा सेकंद फुस्स आवाज ऐकायचा, गेज लावून आकडा वाचायचा, आणि पुन्हा. हवा कमी झाली की टायर जमिनीवर लांबट पसरतो, गाडीचं वजन जास्त जागेवर वाटलं जातं आणि चाक वाळू खोदायच्या ऐवजी वाळूवरून चालतं. मात्र कमी हवेत गाडी झटक्यात वळवायची नाही, टायर रिमवरून निसटतो. हे चारही चाकांना, प्रत्येक गाडीत, गेजने मोजूनच करावं लागतं. "माझी काढलीये अंदाजाने" असं जी गाडी म्हणते, तीच पुढे बेटावर उतरल्यावर हूक पॉइंटच्या मऊ वाळूत पोटावर बसते आणि तिच्यामागच्या सगळ्यांना थांबायला लावते. मऊ वाळूत थांबलेली दुसरी गाडीही रुतते, मग तिसरी.

पुढच्या गाडीने पाडलेल्या चाकोरीतून, एका लयीत, ब्रेक न दाबता जायचं. दोन गाड्यांत भरपूर अंतर ठेवायचं. गाडीतून गाडीत बोलायचा यूएचएफ रेडिओ प्रत्येक गाडीत हवा, कारण मोबाइलला बेटावर बऱ्याच ठिकाणी रेंज नाही. रेडिओवर गाणी म्हणायची नाहीत, गप्पा मारायच्या नाहीत. हे मी मुलांना फार कडकपणे सांगते. कारण पुढचा चालक "खाच आहे, हळू" म्हणतो तेव्हा ते मागच्याला ऐकू गेलंच पाहिजे. पाऊस पडून गेला की टेकड्यांतून समुद्राकडे येणारे ओहळ पुळणीला कापतात आणि वाळूत गुडघाभर उंचीची उभी पायरी तयार होते. संध्याकाळच्या तिरप्या उन्हात, ओल्या वाळूच्या चकाकीत ती चाळीस-पन्नास पावलांवर येईपर्यंत दिसत नाही. ताशी 80 च्या वेगाने गाडी तिच्यात गेली तर पुढचं नाक आपटतं, मागचा भाग उचलला जातो. टपावर सामान लादलेलं असेल तर गाडी उलटूही शकते. या किनाऱ्यावर भाड्याच्या गाड्या उलटून तरुण पर्यटक दगावले आहेत. 2009 नंतर भाड्याच्या गाड्यांवर बसणाऱ्यांची संख्या, टपावरचं सामान अशी बंधनं आली ती त्यामुळेच.

रुतलेली गाडी काढताना तर मला गर्दीची भीतीच वाटते. दहा जण धावून येतात, दहा सल्ले देतात. आणि कोणीतरी स्नॅच स्ट्रॅप, म्हणजे गाडी ओढून काढायचा ताणला जाणारा पट्टा, टो-बारच्या (गाडीमागे ट्रेलर जोडायच्या दांड्याच्या) गोळ्याला अडकवायला जातो. हे कधीही करू नका. ताणाखाली तो गोळा तुटला तर तोफगोळ्यासारखा येतो. ऑस्ट्रेलियात माणसं अशी मेली आहेत. आधी फावड्याने चाकांपुढची आणि पोटाखालची वाळू काढा, हवा आणखी थोडी उतरवा, रिकव्हरी बोर्ड, म्हणजे चाकाला पकड देणाऱ्या खाचांच्या फळ्या, चाकाखाली सरकवा. निम्म्याहून अधिक वेळा एवढ्यावर गाडी निघते. पट्टा लावायचाच असेल तर गाडीच्या चासीवरच्या भार-प्रमाणित हुकालाच लावा. बोलणारा माणूस एकच, बाकी सगळे पट्ट्याच्या लांबीच्या दुप्पट दूर. आजी-आजोबांनी आणि मुलांनी गाडीमागे उभं राहून मोबाइलवर चित्रीकरण करायचं नाही.

आता डिंगोंविषयी, म्हणजे तिथल्या रानकुत्र्यांविषयी. ज्या गोष्टीसाठी हे पत्र लिहायला बसले ती हीच.

बेटावरचे डिंगो, इथल्या मूळ रहिवासी बुचुल्ला लोकांच्या भाषेत 'वोंगारी', दिसायला आपल्या गावच्या तांबूस कुत्र्यासारखे. सडसडीत अंग, पांढरे पंजे, शांत नजर. त्यामुळे आपल्या माणसांना त्यांची भीती वाटत नाही, उलट कणव येते. "किती हडकला आहे बिचारा, एक पोळी टाकू या." ती एक पोळी त्या जनावराचा जीव घेते. माणसाकडे खायला मिळतं हे एकदा कळलं की तो माणसाच्या अंगावर येऊ लागतो आणि शेवटी त्याला मारावं लागतं. 2001 मध्ये वॉडी पॉइंटजवळ नऊ वर्षांच्या मुलाचा डिंगोंनी जीव घेतला. त्यानंतर तीसच्या वर डिंगो मारले गेले. मूलही गेलं आणि जनावरंही.

शेजारच्या तळावर एकदा पाहिलेलं सांगते. तिथे मोठा गट होता, माणसं वीसच्या घरात असावीत. जेवणं आटोपून सगळे पत्त्यांत रंगलेले. कोणीतरी चकल्यांचा स्टीलचा डबा तंबूच्या दाराशी ठेवलेला, झाकण नीट न लावलेलं. अंधारातून एक डिंगो आला तो अजिबात आवाज न करता. नाकाने झाकण सरकवलं. डब्यापासून हातभर अंतरावर, तंबूच्या आत, एक दोन वर्षांची मुलगी झोपलेली होती. त्या वीस माणसांतल्या प्रत्येकाला वाटत होतं की तिच्याजवळ दुसरं कोणीतरी आहे. आमच्यातल्या एकाने टॉर्च मारून मोठ्याने हाक दिली, सगळे उभे राहिले, डिंगो मागे सरला आणि झाडीत गेला. मुलीला जागही आली नाही. तिच्या आईचा चेहरा मात्र मी विसरलेले नाही.

रेंजर सांगतात ते अक्षरशः पाळा. मूल हाताच्या अंतरावर हवं. नुसतं नजरेच्या टप्प्यात असून भागत नाही. एकट्याने फिरायचं नाही, हातात काठी ठेवायची. खाणं, कचरा, आमिषाचे मासे, सगळं गाडीत बंद. तंबूत बिस्किटाचा पुडासुद्धा नको, टूथपेस्टही नको. डिंगो जवळ आला तर पळायचं नाही. त्याच्याकडे तोंड करून, ताठ उभं राहून, सावकाश मागे सरायचं. लहान मुलं असतील तर डिंगो-कुंपण असलेला तळच घ्या. खायला घातल्यास दंड हजारो डॉलरचा आहे. पण दंडाच्या भीतीनेच कशाला, त्या जनावरासाठी पाळा. आणि मुलांवर लक्ष ठेवायची पाळी लावा, तासातासाची, नावानिशी. "सगळे आहोतच की" ही पाळी होत नाही.

शेकोटीचंही तसंच. बहुतेक तळांवर ती चालत नाही. दुंदुबारा आणि वॉडी पॉइंटच्या तळांवर शेकोटीसाठी केलेल्या ठरावीक गोल कड्यांत, बाहेरून आणलेल्या चिरलेल्या लाकडावर परवानगी असते, तीही आगबंदी नसेल तेव्हा. शेकोटीवर वाळू लोटली की ती विझली असं वाटतं, पण वाळूखाली निखारे तासन्‌तास धगधगत राहतात. पाणीच ओतावं लागतं. ऑक्टोबर 2020 मध्ये नीट न विझवलेल्या एका बेकायदा शेकोटीतून लागलेली आग डिसेंबरपर्यंत धुमसत राहिली आणि जवळपास निम्मं बेट भाजून गेलं.

हे बेट बुचुल्ला लोकांचं आहे. 2014 मध्ये न्यायालयाने त्यांचा मूळ हक्क मान्य केला. त्यांचे तीन नियम आहेत: जमिनीच्या भल्याचं ते आधी, जे आपलं नाही त्याला हात लावायचा नाही, आपल्याकडे भरपूर असेल तर वाटून घ्यायचं. आम्ही बार्जवर हे मुलांना वाचून दाखवतो. मुलं ते मोठ्यांपेक्षा जास्त पाळतात, हा माझा अनुभव आहे. तळ्यात उतरण्याआधी सनस्क्रीन लावलेल्या काकांना थांबवायला सर्वांत आधी धावते ती आठ-दहा वर्षांचीच मुलं. पावसावर भरणाऱ्या या तळ्यांतून नदी वाहत नाही, त्यामुळे पाण्यात गेलेलं तेल आणि साबण तिथेच राहतं.

तेव्हा आपल्या ज्येष्ठ वाचकांना माझी विनंती आहे. मुलगा किंवा सून "चला आई-बाबा, सगळे मिळून बेटावर जाऊ" म्हणाली की आनंदाने हो म्हणा, पण निघण्याआधी चार प्रश्न विचारा. पुढची गाडी कोण चालवणार आणि शेवटची कोण? ओहोटी किती वाजता? गाडी खरोखर उंच पोटाची, लो रेंज (हळू पण जोर लावून चालायचा गिअर) असलेली फोर-व्हील-ड्राइव्ह आहे ना, आणि भाड्याची असेल तर वाळूवर न्यायची लेखी परवानगी आहे ना? रात्री नातवंडांजवळ कोण बसणार? वडीलधाऱ्यांनी विचारलं की मुलं उत्तर शोधतात, हे मी पाहिलं आहे. उत्तरं मिळाली नाहीत तर वाटाड्या पुढे असलेल्या 'टॅग-अलाँग' सहलीत सामील व्हा. किंवा हर्वी बे अथवा रेनबो बीचहून निघणारी फोर-व्हील-ड्राइव्ह बस घ्या. ती बुरांगूरा दाखवते, 1935 च्या वादळात किनाऱ्याला लागलेलं 'महेनो' जहाज दाखवते, एलाय क्रीकच्या थंडगार पाण्यात पाय सोडून बसायला वेळ देते आणि भरतीच्या आत सगळ्यांना परत आणते.

आपली एक वाचक,
ब्रिस्बेन, क्वीन्सलँड